कागद नसलेल्यांची साक्ष

आमच्या ख्रिस्तमंदिराच्या आवाराची दगडी भिंत ज्या वडार कुटुंबाने बांधली, त्या कुटुंबातील मुलगी गेल्या पावसाळ्यात वडिलांना घेऊन आमच्याकडे आली होती. हे कुटुंब मूळचे जत तालुक्यातील; कालव्यांच्या आणि रस्त्यांच्या कामांमागे फिरत फिरत ते सातारा जिल्ह्यात स्थिरावले. मुलीला सांगलीच्या एका अभियांत्रिकी महाविद्यालयात विमुक्त जातींच्या राखीव जागेवर प्रवेश मिळाला होता. मात्र जात पडताळणीचे वैधता प्रमाणपत्र मुदतीत सादर झाले नाही तर ती जागा जाणार होती. आजोबा शाळेत कधी गेलेच नव्हते. वडिलांच्या शाळेच्या रजिस्टरात जातीच्या रकान्यात गुरुजींनी ‘गवंडी’ असे लिहून ठेवले होते. जात विचारण्याऐवजी बापाचा धंदा विचारला असावा. “फादर, तुम्ही आम्हाला वीस वर्षं ओळखता. तुमच्या सहीचं पत्र चालंल का?” वडिलांनी विचारले. ते चालणार नाही, हे आम्हाला ठाऊक होते. ते का चालू नये, हा प्रश्न मात्र पुढे कित्येक दिवस मनात घोळत राहिला.

ख्रिस्तसभेच्या १९८३ च्या कॅनन कायद्यात अशाच अडचणीवर एक तोड आहे. स्नानसंस्काराची नोंद सापडत नसेल, तर एका निःसंशय विश्वासार्ह साक्षीदाराचे कथन पुरेसे मानावे, असे ८७६ वे कलम सांगते. परंतु त्याला एक अट जोडलेली आहे: त्यामुळे दुसऱ्या कोणाच्या हक्काला बाध येता कामा नये. राखीव जागेच्या बाबतीत नेमकी हीच अट पुरी होत नाही. महाराष्ट्रात विमुक्त जातींसाठी ३ टक्के जागा आहेत. आमच्या भिडेखातर दिलेल्या पत्राने एखादी जागा चुकीच्या हाती गेली, तर ती दुसऱ्या कोणा दगडफोड्याच्याच लेकराची गेली. खोट्या साक्षीची आज्ञा आपण न्यायालयापुरती समजतो. दाखल्यावरची सही हीदेखील साक्षच होय.

खोटे दावे होतात, हे नाकारण्यात अर्थ नाही. ‘महादेव कोळी’ म्हणून वैद्यकीय शिक्षणाच्या जागा मागणाऱ्या भगिनींचे प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले. वडिलांच्या शालेय नोंदीत ‘हिंदू कोळी’ असे होते. १९९४ च्या त्या माधुरी पाटील निकालाने पडताळणीची रीत घालून दिली. तीन अधिकाऱ्यांची समिती असावी, दक्षता पथकाने मूळ गावी जाऊन चौकशी करावी, प्रतिकूल अहवालाची प्रत उमेदवाराला द्यावी आणि त्याचे म्हणणे ऐकून घ्यावे. महाराष्ट्राचा स्वतंत्र कायदा २००१ साली अमलात आला. त्याच्या ८ व्या कलमाप्रमाणे जात सिद्ध करण्याचा भार दावा करणाऱ्यावरच आहे. जागा मोजक्या असताना हे अन्याय्य म्हणता येणार नाही.

पण कागद हा सर्वांच्या घरी सारखाच असतो काय? ज्याची जमीन आहे, त्याच्या वाडवडिलांचे नाव कुठल्या तरी दप्तरात असतेच. विमुक्त जातींसाठी २१ नोव्हेंबर १९६१ ही तारीख धरली जाते, आणि त्या दिवशी पूर्वज जेथे राहत होते तेथील प्रांताकडे दाखला मागायचा असतो. ज्यांचे बिऱ्हाड गाढवाच्या पाठीवर होते, त्यांना हा प्रश्न कसा समजावून सांगावा? १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्याने कित्येक जमातींना जन्मजात गुन्हेगार ठरविले. ३१ ऑगस्ट १९५२ रोजी तो रद्द झाला, म्हणून त्या ‘विमुक्त’. अशा एखाद्या घराण्याचा जुना कागद सापडलाच, तर तो पोलिसांच्या हजेरीचा असण्याचा संभव अधिक. आजोबांना लांछन लावणाऱ्या कागदाच्या आधारे नातीने महाविद्यालयात जावे, याहून कटू गोष्ट कोणती?

हैदराबाद गॅझेटियरसंबंधीचा शासन निर्णय २ सप्टेंबर २०२५ रोजी निघाल्यापासून आमच्या भागात सातारा गॅझेटचे नावही सर्वतोमुखी झाले आहे. त्या वादात आम्ही शिरत नाही. एवढेच म्हणतो की गॅझेटियर समाजांविषयी बोलते, एखाद्याचा आजा कोण होता ते सांगत नाही. (धर्मांतरित दलितांना १९५० च्या आदेशाने अनुसूचित जातींबाहेर ठेवले, हा आपल्या काळजाचा प्रश्न, पण तो स्वतंत्र लेखाचा विषय आहे.)

ऐकून घेण्याची गोष्ट आम्हाला सर्वांत महत्त्वाची वाटते. केंब्रिज विद्यापीठाने डॉ. बेंटली यांचे म्हणणे न ऐकताच त्यांच्या पदव्या काढून घेतल्या, तेव्हा १७२३ साली इंग्लंडच्या न्यायालयाने त्या परत देवविल्या. आदामाला शिक्षा करण्यापूर्वी परमेश्वरानेही त्याला हाक मारून विचारले होते, असे एका न्यायमूर्तींनी त्या वेळी बोलून दाखविले. सर्वज्ञाला विचारण्याची गरज नव्हती. तरी त्याने विचारले.

विचारल्याशिवाय ‘सिद्ध झाले नाही’ आणि ‘खोटे बोलला’ यांतील अंतर कळत नाही. २०१७ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने हे अंतर अर्धे मानले आहे. तुरुंगवासाच्या शिक्षेसाठी लबाडीचा हेतू दिसला पाहिजे. मात्र दावा अवैध ठरला तर हेतू शुद्ध असूनही मिळालेला लाभ जातो. हे कठोर असले तरी आम्हाला पटते, कारण ती जागा दुसऱ्याची असते. परंतु निष्पाप माणसाचेही जेथे सर्वस्व जाऊ शकते, तेथे निर्णयापूर्वीच्या चौकशीत हयगय होता कामा नये. रजिस्टरातील ‘गवंडी’ हा शब्द पाहून फाईल बाजूला ठेवणे सोपे आहे. तो कोणी, कशासाठी लिहिला, हे विचारायला अर्धा दिवस लागतो.

त्या बापलेकीला आम्ही पत्र दिले नाही. जतला जाऊन जन्म-मृत्यूचा गाव नमुना नंबर १४ शोधा, असे सांगितले आणि एसटीच्या भाड्याची सोय केली. चौथ्या खेपेस चुलत आजोबांच्या मुलाची नोंद सापडली. जात ‘वड्डर’, त्या भागातल्या कानडी वळणाने लिहिलेली. वंशावळीचे प्रतिज्ञापत्र झाले, सुनावणी झाली, समितीने वडिलांना बसवून सविस्तर ऐकले आणि दावा वैध ठरविला. तोपर्यंत प्रवेशाची मुदत उलटून गेली होती. मुलगी सध्या कराडला एका दुकानात हिशेब लिहिते. या वर्षी ती पुन्हा अर्ज करणार आहे.