जागती कांच

यंत्राला झोंप लागते असें आमच्या आजोबांस कोणी सांगितलें असतें तर त्यांनीं सांगणाराच्या कपाळाला हात लावून पाहिला असता. परंतु आज ज्याच्या त्याच्या खिशांत असें एक यंत्र आहे कीं, धन्याच्या बोटाचा स्पर्श कांहीं वेळ झाला नाहीं म्हणजे तें प्रथम मंद होतें आणि मग डोळे मिटून घेतें. ही झोंप त्याला मुद्दाम शिकविलेली आहे, व ती शिकविण्यांत शहाणपणच आहे. मोबाइल फोनला जी वीज लागते तिचा मोठा वांटा त्याची उजळलेली कांच खाऊन टाकते. शिवाय उघडा पडलेला फोन म्हणजे कुलूप न लावलेली पेटी. म्हणून त्यानें किती वेळानें निजावें हें ज्याचें त्यानें ठरवावें अशी सोय असते. कांहीं फोनांत ही मुदत १५ सेकंदांपासून सुरू होते. आयफोनांत ती ३० सेकंदांपासून ५ मिनिटांपर्यंत जाते, आणि यादीच्या अगदीं शेवटीं एक पर्याय असतो : ‘कधींच नाहीं’.

हा शेवटचा पर्याय आमच्या चिरंजीवांनीं पसंत केला आहे हें आम्हांस एका अप्रिय प्रसंगानें कळलें. आमच्या मातोश्रींच्या उजव्या डोळ्याचा मोतीबिंदु नुकताच काढला होता, आणि दुसऱ्या दिवशीं सकाळीं नऊ वाजतां त्यांस तपासणीकरितां न्यावयाचें होतें. कुटुंब नाशिकास गेलेलें. आम्हांस परीक्षेच्या कामासाठीं सातलाच बाहेर पडणें भाग होतें. रात्रीं जेवावयास बसल्यावर मातोश्रींनीं वेळ सांगितली, रिक्षा कोणत्या कोपऱ्यावर लौकर मिळते तें सांगितलें, कागद कोणत्या पिशवींत ठेवले आहेत तेंही सांगितलें. चिरंजीव समोरच बसले होते. त्यांचा फोन पाण्याच्या तांब्याला टेकवून उभा केलेला होता, व त्याच्या कांचेवर कसलेंसें सैन्य आपलें आपण लढत होतें. चिरंजीव “हो आजी” म्हणाले. दुसऱ्या दिवशीं दुपारीं आम्ही घरीं आलों तों मातोश्री काळा चष्मा लावून, पिशवी मांडीवर घेऊन, बाहेरच्या खोलींत बसलेल्या. त्या स्नानास गेल्या असतां चिरंजीव आठ वाजतांच कॉलेजांत निघून गेले होते. फोन कां केला नाहीं म्हणून विचारलें, तर “तासावर बसला असेल, कशाला त्याला त्रास,” एवढेंच त्या म्हणाल्या.

संध्याकाळीं आम्हीं चौकशी आरंभिली.

“आजीनं सांगितलं तेव्हां तूं तिथंच होतास ना?”

“होतो.”

“आणि हो म्हणालास?”

“म्हणालो असेन.”

या ‘असेन’ नें आम्हांस जितका राग आला तितका साध्या नकारानें आला नसता. परंतु पुढें चिरंजीवांनीं जें सांगितलें त्यानें आम्ही थोडे विचारांतही पडलों. त्या खेळांत म्हणे चौघांची एक टोळी असते. सैन्य आपोआप लढतें, नाणीं आपोआप सांचतात. अट एवढीच कीं, चौघांपैकीं कोणाचाही फोन मध्येंच निजतां कामा नये. एकाचा निजला कीं चौघांची रात्रभरची कमाई बुडाली. “बाबा, मी फोन बंद केला असता तर बाकीच्या तिघांचं नुकसान झालं असतं. मी त्यांना शब्द दिला होता.”

शब्द! ज्या शब्दाच्या जोरावर आम्ही वर्गांत हरिश्चंद्रापासून भीष्मापर्यंत सर्वांचीं चरित्रें सांगतों, तोच शब्द आमच्यावर उलटला. मुलाला ‘खेळ सोड’ म्हणून सांगणें सोपें आहे. ‘दिलेला शब्द मोड’ म्हणून सांगणें सोपें नाहीं.

येथें त्या झोंपेविषयींच थोडा विचार करणें इष्ट आहे, कारण फोनला धनी हजर आहे कीं नाहीं हें कळण्याची एकच खूण ठाऊक असते, ती म्हणजे स्पर्श. ज्या खेळांत बोटें सारखीं चालतात त्यांत ही अडचण पडत नाहीं. आणि पुष्कळ खेळांत तर खेळ रचणारानेंच एका ओळींत फोनला बजावून ठेवलेलें असतें कीं, हा खेळ चालूं असेपर्यंत निजावयाचें नाहीं. अडचण होते ती आमच्यासारख्यांची. आम्ही रात्रीं निजण्यापूर्वीं फोनवर बुद्धिबळांतला एखादा प्रश्न घेऊन बसतों. घोडा कोठें टाकावा याचा विचार चार-सहा मिनिटें चालतो. आणि नेमका तो कोठें जुळून येतो न येतो तोंच पट काळा होतो. फोनच्या मतें आम्ही उठून गेलेले असतों! विचार करणें म्हणजे गैरहजर असणें, असा या यंत्राचा सिद्धांत आहे. बुद्धिबळाच्या जुन्या जाणकारांनीं असला अन्याय केला नाहीं. १८८३ सालीं लंडनच्या स्पर्धेंत दुहेरी घड्याळें आलीं. त्यांनीं विचाराला मर्यादा घातली खरी, पण खेळाडू मुकाट बसला म्हणून तो तेथें नाहीं असें कोणी मानलें नाहीं. उलट तो विचार करीत आहे म्हणूनच त्याचें घड्याळ चालत असे. तेव्हां असा मनुष्य फोनला ‘निजूं नको’ म्हणून सांगतो यांत आम्हांस तिळभरही दोष दिसत नाहीं. तो हजर असून त्याची हजेरी लागत नव्हती. ती त्यानें लावून घेतली इतकेंच.

चिरंजीवांची गोष्ट बरोबर उलटी. तेथें मनुष्य नसून हजेरी लागते. या दुसऱ्या प्रकाराला आमच्या पेशांत जुनें नांव आहे. विद्यापीठाच्या नियमाप्रमाणें टर्म पदरांत पडण्यास शेंकडा ७५ हजेरी लागते, व तेवढी भरावी म्हणून एका विद्यार्थ्याच्या कंठांतून चारचार विद्यार्थी बोलूं लागतात. तीस वर्षांच्या अनुभवानें सांगतों, आवाज ओळखूं येतो. आम्ही पुष्कळदां न ओळखल्यासारखें करतों. पण खरी गंमत पुढेंच आहे. जो जातीनें येऊन, पहिल्या बांकावर बसून, डोळे उघडे ठेवून भलतीकडेच असतो, त्याची हजेरी आम्ही निःशंकपणें मांडतों. २०१२ सालीं सॅमसंग कंपनीनें एका फोनांत अशी करामत केली कीं, समोरच्या बारीक कॅमेऱ्यानें धन्याचे डोळे आपणांकडे लागलेले आहेत कीं नाहींत हें पाहावें, आणि लागलेले असतील तोंवर निजूं नये. स्पर्शापेक्षां ही परीक्षा वरच्या दर्जाची यांत शंका नाहीं. तरी वर्गांत ज्यानें एकवार शिकविलें आहे तो तिच्यावर फारसा विसंबणार नाहीं.

याच परीक्षेचें एक गंभीर रूप आगगाडीच्या इंजिनांत आहे. चालकानें मिनिटभर कांहींच हालचाल केली नाहीं तर प्रथम दिवा लुकलुकतो, मग भोंगा वाजतो, आणि तरीही तो जागा असल्याची खूण मिळाली नाहीं तर गाडीला आपोआप ब्रेक लागतो. खंडाळ्याच्या घाटांत डेक्कन क्वीन उतरत असतां त्या यंत्राला कोणी खोटें उत्तर देण्याची युक्ति काढील तर त्याला आपण काय म्हणूं हें सांगावयास नको. तेथें यंत्राची फसवणूक म्हणजे मागच्या डब्यांतील माणसांची फसवणूक. मग खेळांत कोण फसतें?

खेळ रचणारा फसत नाहीं. माणसें फोन जागा ठेवून खुशाल जेवतात, निजतात, हें त्याला पुरतें ठाऊक असतें. अट त्यानेंच घातलेली असते. ‘पोकेमॉन गो’ नांवाच्या खेळांत २०१८ च्या अखेरीपर्यंत अंडें उबवावयाचें म्हणजे कांच जागी ठेवूनच मैल दोन मैल चालावें लागे. आमच्या वर्गांतले दोघेतिघे त्या काळीं पेटता फोन हातीं धरून, दिवसा कंदील घेऊन हिंडणाऱ्या ग्रीक तत्त्ववेत्त्यासारखे हिंडत. टोळींतले तिघेही फसत नाहींत, कारण तेही आपापल्या ताटावर बसलेलेच असतात. आणि आपल्या जागीं दुसरें कांहीं जागें ठेवणें हें मुळांतच वाईट म्हणावें तर देवघरांतल्या नंदादीपाचें काय करावयाचें? तेल घालून आपण स्वस्थ निजतों. तो आपल्यावतीनें देवापुढें जागतो. यांत लबाडी आहे असें कोणास कधीं वाटलें नाहीं, कारण मी जागा आहें असें आपण देवाला सांगतच नाहीं.

तेव्हां फसतें तें तांब्याच्या अलीकडचें माणूस. त्याला समोर देह दिसतो, कानांवर ‘हो’ येतें, आणि या दोहोंवरून तें बिचारें धनी घरांत आहे असें धरून चालतें. चिरंजीवांनीं तिघांना दिलेला शब्द फोननें पाळला. आजीला दिलेला शब्द त्यांचा त्यांनींच पाळावयाचा होता, कारण तो दुसऱ्या कशावर सोंपवितां येण्यासारखा नव्हता. शब्द खोटा होता असें आम्ही म्हणत नाहीं. एकाच जिभेनें दोन ठिकाणीं शब्द दिले, आणि जो यंत्राकडून पाळून घेतां येत होता तो तेवढा टिकला.

हा रोग नवा नव्हे. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलांत एका जुगाऱ्याचें सूक्त आहे. त्यांत बेहड्याच्या फाशाला जें विशेषण लाविलें आहे त्याचा अर्थ ‘जागा असणारा’ असा आहे, आणि भटकणाऱ्या मुलाच्या पायीं झुरणारी आईही त्याच सूक्तांत आहे. कोजागरीच्या रात्रीं फांसे खेळून जागावें असें तर आपल्या व्रतग्रंथांतच सांगितलें आहे. पण ती रात्र वर्षांतून एक, व तीं माणसें एका पटाभोंवतीं बसलेलीं. २०२५ च्या ऑगस्टांत संसदेनें पैसे लावून खेळावयाच्या ऑनलाइन खेळांवर बंदी घालणारा कायदा केला. ज्यांत केवळ जागरण लावावयाचें असतें असल्या खेळांविषयीं त्या कायद्यास कांहीं म्हणावयाचें नाहीं, आणि जेवणाच्या खोलींत कायदा न शिरेल तेंच बरें.

हें सर्व आम्हीं चिरंजीवांस याच क्रमानें सांगितलें असतें, आणि प्रसंग आमच्या पूर्ण विजयांत संपला असता. पण मध्येंच मातोश्री आंतून म्हणाल्या, “त्यालाच काय बोलतोस? मी वेळ सांगितली तेव्हां तूंसुद्धां ‘बरं’ म्हणाला होतास. सकाळीं निघतांना त्याला आठवण करून देशील असं मी धरून चालले होते.” आम्हांस तें ‘बरं’ मुळींच आठवेना. आमच्यासमोर फोन नव्हता हें खरें. पण मनांत दुसऱ्या दिवसाच्या उत्तरपत्रिका उघडलेल्या होत्या, आणि त्या मिटविण्याची कसलीच मुदत आम्ही घालून घेतलेली नव्हती. चिरंजीवांनीं आमच्याकडे पाहिलें. ते कांहीं बोलले नाहींत, याबद्दल त्यांचे आभारच मानले पाहिजेत.

तपासणी दोन दिवसांनीं झाली. डोळा उत्तम आहे. चिरंजीवच घेऊन गेले. तेथें रांगेंत अडीच तास बसावें लागलें, आणि कधींही न निजणाऱ्या त्यांच्या फोनची वीज पहिल्या तासांतच संपली. घरीं आल्यावर त्यांनीं आम्हांस विचारलें, “बाबा, आजी हुजूरपागेत होती?”

आम्ही “होती” म्हणालों.

“कितवीपर्यंत? तिथं कोणत्या साली गेली ती?”

आम्हांस सांगतां येईना. मातोश्रींना हांक मारावी लागली.