बळाला न्यायाचा आधार

हिंगोलीत राज्य राखीव पोलीस बलाचा गट क्रमांक १२ आहे. दंगल असो, निवडणूक असो, त्याचे जवान जिल्ह्याबाहेरही बंदोबस्ताला जातात. गुन्ह्याचा तपास त्यांच्याकडे नसतो. हुकूम आला की लाठी उचलायची. तो हुकूमच पक्षपाती असेल, तर त्यांची शिस्त अन्यायाच्या कामी येते. पोलिसांचे बळ न्यायावर उभे असते ते या अर्थाने. हे ज्युलिओ रिबेरो यांच्याकडे पाहून नीट समजते.

मूळ गोव्याच्या कुटुंबातले रिबेरो मुंबईत १९२९ साली जन्मले. मुंबईचे पोलीस आयुक्त, केंद्रीय राखीव पोलीस दलाचे महासंचालक, आणि १९८६ मध्ये दहशतवादाने होरपळणाऱ्या पंजाबचे पोलीसप्रमुख. त्याच वर्षी ३ ऑक्टोबरला जालंधरमध्ये पोलिसांच्या गणवेशात आलेल्या हल्लेखोरांनी त्यांच्यावर गोळ्या झाडल्या. ‘गोळीला गोळी’ हे शब्द त्यांना कायमचे चिकटले. पंजाबातल्या पोलिसी कारवायांवर मानवी हक्क कार्यकर्त्यांनी गंभीर आक्षेप घेतले, ते बाजूला सारून रिबेरोंचा गौरव करू नये. पण बळाची ताकद आणि तिची मर्यादा दोन्ही इतक्या जवळून पाहिलेला माणूस पुढे काय बोलतो, ते ऐकलेच पाहिजे.

सप्टेंबर २०२० मध्ये, ९१ वर्षांच्या रिबेरोंनी दिल्लीतल्या दंगलीच्या तपासाबद्दल तिथल्या पोलीस आयुक्तांना पत्र लिहिले. शांततेने आंदोलन करणाऱ्यांवर गुन्हे, आणि चिथावणीखोर भाषणे करणारे मोकळे, हे कसे? त्यांनी आयुक्तांना संविधानाच्या शपथेची आठवण करून दिली. हा प्रश्न दयेपोटी आलेला नव्हता. एका वस्तीला पोलीस आपले वाटेनासे झाले की तिथून खबर येत नाही, साक्षीदार उभा राहत नाही, खटला कोसळतो. मग पुढच्या वेळी अधिक जवान, अधिक लाठ्या. न्याय घटला की बळ वाढवावे लागते, आणि वाढवलेले बळ पुन्हा विश्वास खाते.

‘पेन्शन सुरू झाल्यावरच यांना कंठ फुटतो,’ असे लोक म्हणतात. सेवेत असताना सरकारवर जाहीर टीका करायला आचारनियमांची बंदी आहे, हे खरे. म्हणूनच एकेकट्याच्या धैर्यावर हा भार टाकून चालत नाही. १९९८ मध्ये पोलीस सुधारणांसाठी नेमलेल्या समितीचे अध्यक्ष रिबेरोच होते. २००६ मध्ये पोलीस सुधारणांच्याच प्रकाश सिंह खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने पोलिसांविरुद्धच्या तक्रारींसाठी प्रत्येक जिल्ह्यात प्राधिकरण नेमायला सांगितले. महाराष्ट्राने २०१४ च्या कायद्यात ते जिल्ह्याऐवजी विभागावर नेऊन ठेवले. सेनगाव किंवा औंढ्याच्या शेतमजुराने पोलिसाविरुद्धची तक्रार घेऊन विभागाच्या ठिकाणापर्यंत का जावे? जिल्ह्याचे प्राधिकरण हिंगोलीतच हवे, आणि ही मागणी आपल्या आमदारांकडे आपणच लावून धरली पाहिजे.