शाळा सुटलेल्या बायका

दिल्ली मेट्रोच्या पिंक लाइनवर सरोजिनी नगर, भिकाजी कामा प्लेस, मोतीबाग मागे पडलं की 'दुर्गाबाई देशमुख साउथ कॅम्पस' येतं. कॉलेजची पोरं भराभर उतरतात. त्यांच्या तोंडी नुसतं 'साउथ कॅम्पस'. डब्यात एखादं मराठी माणूस असलं तर ते मात्र पाटी दुसऱ्यांदा वाचतं. देशमुख! म्हणजे आपल्यापैकीच कुणीतरी. माझंही पहिल्यांदा तसंच झालं होतं.

नाव आपलं अर्धंच. दुर्गाबाई राजमहेंद्रीच्या, तेलुगूभाषक. देशमुख झाल्या त्या १९५३ साली, अर्थमंत्री चिंतामणरावांशी लग्न केल्यावर. त्या लग्नाला साक्षीदार होते नेहरू. याच नेहरूंना १९२३च्या काकीनाडा काँग्रेसमध्ये स्वयंसेविका दुर्गाबाईंनी, तिकीट नाही म्हणून, प्रदर्शनाच्या दारात अडवलं होतं. हा किस्सा सगळेच सांगतात. मला मात्र त्यांच्या आयुष्यातली कमी बोलली जाणारी गोष्ट मोठी वाटते : त्यांची स्वतःची शाळा मध्येच सुटली होती.

आठव्या वर्षी लग्न झालं. कळत्या वयात त्यांनी ते नाकारलं. इंग्रजी माध्यमाच्या सक्तीला विरोध म्हणून शाळा सोडली आणि स्वतःच मुलींसाठी हिंदी पाठशाळा काढली. १९३० ते ३३च्या दरम्यान स्वातंत्र्यलढ्यात तीनदा तुरुंग. बाहेर आल्या तेव्हा वय चोवीसच्या आसपास. त्या वयात बाईनं दप्तर उघडायचं, म्हणजे लोकांच्या नजरा आल्याच. त्यांनी उघडलं. मॅट्रिक, बी.ए., एम.ए. आणि १९४२ला मद्रासमधून वकिलीची पदवी.

स्वतःला जे करावं लागलं ते इतर जणींसाठी सोपं करावं, एवढीच ती कल्पना सुरुवातीला होती. मद्रासमध्ये त्या आसपासच्या मुलींची बनारस विद्यापीठाच्या मॅट्रिकची तयारी करून घेत. त्या वर्गांतूनच १९३७च्या सुमारास आंध्र महिला सभा उभी राहिली. पुण्याच्या वाचकाला यात नवल वाटणार नाही. रमाबाई रानड्यांच्या सेवासदनानं प्रौढ बायकांना १९०९पासूनच पाटीवर बसवलं होतं. दुर्गाबाईंचं वेगळेपण पुढे आहे. संस्थेच्या अंगणातली ही गोष्ट त्यांनी दिल्लीला नेली आणि तिला सरकारी तिजोरीतून पैसा मिळवून दिला.

दिल्लीला त्या संविधान सभेच्या सदस्य म्हणून गेल्या. १९५२ची लोकसभा निवडणूक मात्र हरल्या. राजकारणातला हा पराभव शिक्षणाच्या पथ्यावर पडला, असं माझं मत आहे. पुढे नियोजन आयोग, १९५३पासून केंद्रीय समाजकल्याण मंडळाचं अध्यक्षपद. तिथे खरा पेच समोर आला. १९५१च्या जनगणनेत लिहिता-वाचता येणाऱ्या बायका शंभरात नऊच्या आसपास. खेड्यात शिक्षिका नाही म्हणून आईबाप मुलीला शाळेत धाडत नाहीत; मुली शिकत नाहीत म्हणून शिक्षिका मिळत नाही. ग्रामसेविका, नर्स यांचंही तेच. हा फेरा तोडायचा कुठून? सहा वर्षांच्या मुलीपासून सुरुवात केली तर पंधरा वर्षं थांबा. दुर्गाबाईंनी सुरुवात केली ती विधवा, टाकलेल्या, अर्धवट शिकलेल्या मोठ्या बायकांपासून. १९५८ साली मंडळानं प्रौढ स्त्रियांसाठी संक्षिप्त अभ्यासक्रम सुरू केले : दोनेक वर्षांत परीक्षेपर्यंत नेऊन पोचवायचं, मग नोकरीचं प्रशिक्षण. त्याच वर्षी त्या राष्ट्रीय स्त्रीशिक्षण समितीच्या अध्यक्ष झाल्या. स्त्रीशिक्षण हा काही वर्षं स्वतंत्र प्रश्न धरा, त्याचा पैसा वेगळा काढा, असं १९५९च्या अहवालात त्यांनी बजावलं. बायकोच्या हिशेबाला घरात वेगळा डबा लागतो, हे त्यांना पक्कं ठाऊक असावं.

यात एक उणीवही दिसते. बाई शिकली तर शिक्षिका मिळेल, नर्स मिळेल, हा युक्तिवाद तिजोरी उघडायला उत्तम. पण त्यात बाईचं शिकणं दुसऱ्या कुणाच्या तरी उपयोगाचं ठरतं. तिला नुसतं शिकायचं असेल तर? दुर्गाबाई स्वतः नुसत्या हट्टानं शिकल्या होत्या. सरकारी कागदावर तो हट्ट कसा मांडणार, हेही खरं.

१९७९ साली केंद्रीय माध्यमिक शिक्षण मंडळानं शाळा सुटलेल्यांसाठी मुक्त शाळेचा प्रकल्प हाती घेतला, १९८९ला तिची स्वतंत्र संस्था झाली. वाट वेगळी, गरज तीच. फरक एक : संक्षिप्त अभ्यासक्रमात बायका एका खोलीत, बाईंसमोर बसत, मुक्त शाळेत शिकायचं ते मुख्यतः घरी. आणि घर ही तर बाईला वेळ न मिळण्याची जागा. कुकरच्या तीन शिट्ट्यांमध्ये बीजगणित किती होणार? तरी दार उघडं आहे, हे थोडं नव्हे.

तुमच्या घरात, शेजारात, कामाला येणाऱ्या मावशींत कुणाची शाळा मध्येच सुटली असेल, तर तिला एवढं सांगा : नोएडाच्या सेक्टर ६२मध्ये या मुक्त शाळेचं मुख्यालय आहे. दहावीच्या प्रवेशाला किमान वय चौदा. कमाल वयाची अट नाही.