सुतकातले दहा दिवस

सुरतजवळच्या हजीऱ्याच्या कारखान्यांकडे पहिल्या पाळीला निघालेल्या बसमध्ये अहिराणी कानावर पडते. तापी खानदेशातून वाहत येऊन इथेच समुद्राला मिळते. माणसंही तिच्या काठाकाठाने, भुसावळ-सुरत रेल्वेने आली आणि उधना-लिंबायतला स्थिरावली. त्यांच्या घरांतल्या एखाद्या पोराला सिनेमा करायचा असतो. मोबाइलवर तो शूटिंग करतोही, पण गोष्ट मात्र दुसऱ्याच कुणाची तरी निवडतो. आपल्या घरात सांगण्याजोगं काय आहे, असं त्याला मनापासून वाटत असतं.

मला त्याला रोहन परशुराम कानवडे यांच्याविषयी सांगावंसं वाटतं. मुंबईच्या झोपडपट्टीत, एका खोलीच्या घरात वाढलेला ड्रायव्हरचा मुलगा. शिक्षण इंटिरियर डिझाइनचं. सिनेमा स्वतःच शिकला. २०१६ साली वडील गेले. सुतकात गावी राहायचं, नियम पाळायचे आणि त्यातही नातेवाइकांचा एकच धोशा : लग्न कधी करतोस? पुरुषावर प्रेम करणाऱ्या मुलाला बापासाठी निवांत रडायचीही सोय नाही! त्या दिवसांतूनच 'साबर बोंडं' हा चित्रपट सुचला. लेखन त्यांचं, दिग्दर्शनही त्यांचंच.

पडद्यावरचा आनंद असाच मुंबईहून वडिलांच्या सुतकासाठी गावी आला आहे. तिथे लहानपणीचा मित्र बाळ्या भेटतो. त्याच्याही मागे लग्नाचा तगादा आहे. आनंदच्या आईला मुलाचं सगळं ठाऊक आहे आणि ती चारचौघांत त्याला सांभाळून घेते. पार्श्वसंगीत नाही. माणसं बसलेली असतात, गप्प असतात आणि कॅमेरा त्यांना घाई करत नाही. दुसऱ्या कुणी हे लिहिलं असतं तर मायलेकांचं एखादं दणदणीत भांडण नक्की घातलं असतं. तो मोह इथे टळला, कारण सुतकाच्या घरात ओसरीवर किती वेळ गप्प बसावं लागतं, हे लिहिणाऱ्याने स्वतः अनुभवलं होतं. आणि दृश्य कुठे थांबवायचं, हे ठरवणाराही तोच होता.

२०२५ साली सनडान्स महोत्सवात या पहिल्याच पूर्ण लांबीच्या चित्रपटाला जागतिक कथाचित्रपटांसाठीचा ग्रँड ज्युरी पुरस्कार मिळाला. वडील गेल्यापासून या पुरस्कारापर्यंत मधे नऊ वर्षं गेली. एवढ्या काळात सोपी, लवकर खपणारी गोष्ट हाती घेता आली असती. कानवडे यांनी ती घेतली नाही, याचं मला पुरस्काराहून अधिक मोल वाटतं.

उधना-लिंबायतच्या त्या पोराने स्वतःच लिहावं आणि कॅमेऱ्यामागेही स्वतःच उभं राहावं. गावाकडे कुणी गेल्याचा फोन रात्रपाळीत येतो, तेव्हा ठेकेदाराकडे रजा कोणत्या शब्दांत मागायची, बदलीसाठी कोणाला गळ घालायची, दहाव्यापर्यंत थांबलं तर किती खाडे पडतील आणि पगार हातात किती येईल, हा हिशेब त्याच्या घरात तोंडपाठ आहे.