खळ्यावरच्या बैलाचा वाटा

सोयाबीनच्या कोळपणीला बैल जुंपताना हिंगोली जिल्ह्यातल्या कनेरगाव नाक्याच्या शिवारात त्यांच्या तोंडाला दोरीचं जाळीदार मुसकं चढवतात. त्यात कुणाला क्रौर्य दिसत नाही आणि दिसायचं कारणही नाही. कोवळं पीक नाकासमोर असलं की बैल ते ओरबाडणारच. खळ्यावरची गोष्ट मात्र वेगळी. तिथं पीक हाती आलेलं असतं आणि ते मोकळं करायला तिवड्याभोवती दिवसभर बैलांचीच पात फिरत असते. बायबलच्या जुन्या करारात, अनुवाद या पुस्तकाच्या 25व्या अध्यायात, नेमका याच प्रसंगाचा कायदा आहे: मळणी करणाऱ्या बैलाला मुसकं घालायचं नाही. दया करा, असं तो सांगत नाही. जो राबतो त्याचा त्या राशीत वाटा आहे आणि त्याने तोंड घातलं तर ती चोरी नव्हे, एवढंच त्याचं म्हणणं. ख्रिस्ती धर्मातल्या प्राण्यांविषयी लिहिताना असीसीच्या संत फ्रान्सिसपासून आणि त्याच्या पाखरांपासून सुरुवात करायची रीत आहे. ती गोड आहे, पण मला ती पुरेशी वाटत नाही. ख्रिस्ती नीतीत जनावराची खरी जागा मायेच्या गोष्टींपेक्षा कामाच्या आणि मजुरीच्या नियमांत सापडते.

यावर पहिला आक्षेप ठरलेला असतो. उत्पत्तीच्या पहिल्याच अध्यायात देवाने माणसाला सगळ्या जीवांवर सत्ता दिली, मग बैलाच्या हक्काची भाषा कुठून आली? 1967 साली लिन व्हाइट या अमेरिकी इतिहासकाराने तर निसर्गाच्या आजच्या दुर्दशेचं मूळच या शिकवणुकीत असल्याचा ठपका ठेवला. आपल्याकडे फादर स्टीफन्स यांनी 1616 मध्ये छापलेल्या ‘ख्रिस्तपुराणा’तून सृष्टीच्या उत्पत्तीची ही कथा मराठी ओवीत आणली, तेव्हापासून ती मराठी कानांना परकी राहिलेली नाही. पण ती अर्ध्यावर सोडली जाते. सत्ता देणाऱ्या त्याच अध्यायात माणसाचं आणि जनावराचं अन्न वनस्पतींचंच ठरवलं आहे: झाडपाला, धान्य, फळं. मांसाची परवानगी जलप्रलयानंतर येते आणि तिथेच देव करार करतो तो नोहाच्या कुळाशी आणि तारवातून उतरलेल्या प्रत्येक जिवाशी. सत्ता आहे हे खरं, पण ती पाटलाच्या वतनासारखी वरून मिळालेली आहे. वतनाबरोबर जबाबदारी येते आणि हिशेब विचारणारा वर बसलेला असतो.

तो हिशेब किती रोखठोक आहे ते शब्बाथाच्या नियमात दिसतं. निर्गमाच्या 23व्या अध्यायात सातव्या दिवसाच्या विसाव्याचं कारण सांगताना बैल, गाढव, दासीचा मुलगा आणि परका माणूस ही चौघं एकाच वाक्यात येतात. येशूनेही शब्बाथाच्या वादात विरोधकांना विचारलं ते विहिरीत पडलेल्या बैलाविषयीच: त्याला त्या दिवशी बाहेर काढणार नाही का? आणि जुन्या करारातल्या बलाम या द्रष्ट्याची गाढवी तर थेट तक्रारच करते. पैठणचा रेडा बोलला तो वेद बोलला. ही गाढवी बोलते ती आपल्याला तीनदा का मारलं याबद्दल, आणि देवदूत तिची बाजू घेतो. आपल्याकडच्या करुणेला यामुळे उणेपणा येत नाही. भाकरी पळवणाऱ्या कुत्र्यामागे तुपाची वाटी घेऊन धावणारे नामदेव याच जिल्ह्यातल्या नर्सीचे. पोळ्याच्या आदल्या संध्याकाळी बैलाच्या खांद्याला हळद-लोणी चोळून दुसऱ्या दिवशीच्या जेवणाचं आवतन देणारा समाज कोरडा नाही. पण पोळा वर्षातून एकदा येतो, शब्बाथ आठवड्याला. खांदा सोलतो तो उरलेल्या दिवसांत.

मग ख्रिस्ती समाजाला हे का आठवत नाही? कारण धर्मपंडितांनीच खळ्यावरचा तो नियम बैलाकडून काढून घेतला. संत पौलाने करिंथकरांना लिहिताना मुसक्याचा नियम प्रचारकांच्या मानधनासाठी वापरला आणि देवाला बैलांची काळजी आहे का, असा सवालही टाकला. तेराव्या शतकात थॉमस अक्वायनसने मांडलं की जनावरांना छळू नये, कारण त्यातून माणसांना छळायची सवय लागते. म्हणजे मार बैलाला आणि चिंता माणसाची. 1992च्या कॅथलिक धर्मशिक्षणग्रंथातही प्राण्यांना विनाकारण यातना देणं माणसाच्या प्रतिष्ठेला शोभत नाही, अशीच मांडणी आहे. 2015 मध्ये पोप फ्रान्सिस यांनी ‘लाउदातो सी’ या पत्रात प्रत्येक जिवाला स्वतःचं मोल असल्याचं सांगितलं आणि बैल-गाढवाच्या विसाव्याचा नियम पुन्हा पुढे आणला. हा उशीर लहान नाही.

येशूने दुष्टात्म्यांना डुकरांत शिरू दिलं आणि सुमारे दोन हजारांचा कळप बुडाला, ही मार्काची कथा माझ्या युक्तिवादाच्या आड येते. तिची गोड सारवासारव मी करणार नाही. येशू मासेही खात होता. म्हणून बायबलातून सक्तीचा शाकाहार काढणं मला प्रामाणिक वाटत नाही. पण मारून खाण्याची मुभा म्हणजे जिवंतपणी पिळून काढण्याची मुभा नव्हे. याहून वजनदार आक्षेप शेतकऱ्याचा आहे: इथं माणसालाच विसावा नाही, तिथं बैलाचं काय घेऊन बसलात? निर्गमातलं ते वाक्य इथेच कामाला येतं. मुकादमाची उचल घेऊन मराठवाड्यातून ऊसतोडीला जाणारी जोडपी आणि त्यांच्या गाडीचे बैल एकाच फडात, एकाच घाईत राबतात. टनावर मजुरी ठरली की गाडी जास्त भरावी लागते. तिथं नवरा-बायकोला सुट्टी नाही म्हणून बैलालाही नाही. एकाचा विसावा दुसऱ्याच्या तोंडचा घास काढून मिळणार नाही, तो दोघांना मिळून मागावा लागेल.

असं मागणं कायद्यातूनच करावं लागतं, हे आर्थर ब्रूम या इंग्रज पाद्र्याला उमगलं होतं. नुसत्या प्रवचनांवर न थांबता त्याने 1824 मध्ये लंडनमध्ये प्राण्यांवरील क्रौर्य रोखणारी संस्था उभी केली, कायद्याची अंमलबजावणी मागितली आणि संस्थेच्या कर्जापायी तुरुंगही भोगला. त्याच धर्तीची संस्था 1874 मध्ये मुंबईत निघाली. पारशी दानातून परळला जनावरांचं इस्पितळही उभं राहिलं. स्वतंत्र भारताने 1960 मध्ये कायदा केला आणि 1965 मध्ये ओढकामाच्या जनावरांसाठी नियम केले: दिवसाला नऊ तासांहून जास्त काम नाही, सलग पाच तासांहून जास्त नाही आणि पारा 37 अंशांवर असेल तिथे दुपारी 12 ते 3 जुंपायचं नाही. हिंगोली जिल्ह्यात एप्रिल-मेच्या दुपारी पारा सहज चाळिशी ओलांडतो. तुम्ही चर्चला जात असा, नर्सीला जात असा की कुठेच जात नसा, येत्या उन्हाळ्यात त्या तीन तासांत गाडी सोडा आणि दुसऱ्यालाही सोडायला सांगा.