देहान्त प्रायश्चित्त
साताऱ्याजवळच्या माहुलीचे रामशास्त्री प्रभुणे माधवराव पेशव्यांच्या काळात पुण्याचे मुख्य न्यायाधीश होते. ३० ऑगस्ट १७७३ रोजी शनिवारवाड्यात गारद्यांनी नारायणराव पेशव्यांना ठार केले. चौकशीअंती शास्त्रीबुवांनी नारायणरावांचे चुलते रघुनाथराव ऊर्फ राघोबा यांना दोषी धरले. दानधर्म करून हत्येचे पाप फिटते का, हा मग धर्मशास्त्राचाच प्रश्न झाला. परंपरा सांगते, राघोबांनी प्रायश्चित्त विचारताच शास्त्रीबुवांनी तोंडावर देहान्त सांगितला आणि पुणे सोडले. करणाऱ्याचा अधिकार पाहून पाप हलके होत नाही. धर्माचा गाभा तो हाच. पुढे पेशव्यांच्या कारभाऱ्यांनी शास्त्रीबुवांना सन्मानाने परत आणले. १७८९ मध्ये ते वारले. त्याच वर्षी अमेरिकेत संघीय न्यायालये स्थापन झाली. तिथल्या न्यायाधीशांना राज्यघटनेने तहहयात पदाची हमी दिली होती. रामशास्त्र्यांना असे कसलेच संरक्षण नव्हते.