विजेचे शेजारी

उन्हाळ्यात रात्री वीज गेली की होळीतल्या घराघरांतून आपण वीज कंपनीला बोल लावतो. ती परत आली की पंखा लावून झोपतो. ती आली कुठून, हे सहसा कोणी विचारत नाही.

आपल्याच किनाऱ्यावर, उत्तरेला सरळ रेषेत पन्नासेक किलोमीटरवर तारापूर आहे. देशातले पहिले अणुवीज केंद्र तिथे १९६९ साली सुरू झाले. पुढे २००५ आणि २००६ मध्ये ५४० मेगावॅटच्या दोन नव्या अणुभट्ट्या चालू झाल्या. त्यांच्यासाठी अक्करपट्टी आणि पोफरण ही गावे उठवली गेली. शेती आणि मासेमारी करणारी माणसे होती ती, आपल्या आजा-पणज्यांसारखीच.

अणुविजेच्या बाजूने बोलण्यासारखे पुष्कळ आहे. कोळशासारखा धूर नाही. रात्र असो वा पाऊस, भट्टी चालू राहते. उलट एक मेगावॅट सौरविजेला चार-पाच एकर जमीन लागते आणि सूर्य मावळला की ती थांबते. (आपल्या आषाढ-श्रावणाबद्दल तर बोलायलाच नको!) हे लपवून सौरऊर्जेचे गोडवे गाणे आम्हांला प्रामाणिकपणाचे वाटत नाही.

पण भट्टीतून काढलेल्या इंधनात प्लुटोनियम असते आणि ते निम्मे व्हायला २४ हजार वर्षे लागतात. प्रभू येशूच्या जन्माला अजून दोनच हजार झाली! त्यातले बरेचसे वेगळे काढून पुन्हा वापरायचे, हे आपल्या देशाचे धोरण आहे. तरीही उरलेला कचरा काचेत बंद करून सांभाळावाच लागतो. आजच्या रात्रीचा पंखा आपला आणि राखण मात्र अजून न जन्मलेल्यांची. अक्करपट्टीकरांना निदान विरोध तरी करता आला. ह्यांना कोण विचारणार?

सौर पॅनेलही निर्दोष नाहीत. पंचवीस-तीस वर्षांनी त्यांचाही भंगार होतो. पण ते ज्याच्या छपरावर असतात त्याच्याच डोळ्यांसमोर राहतात, कोणाचे गाव उठवत नाहीत. एक किलोवॅटला साधारण शंभर चौरस फूट गच्ची लागते. चांगल्या उन्हात दिवसाला चारेक युनिट मिळतात. म्हणून आम्हांला वाटते, आधी आपली छपरे, मग दुसऱ्याची जमीन. आणि तरीही अणुवीज लागलीच, तर उठलेल्या गावांचे पुनर्वसन हा त्या विजेच्या किमतीचाच भाग धरावा, मागाहूनचा उपकार नव्हे.

आपल्या सोसायटीच्या पुढच्या सभेत गच्चीचा विषय निघेल तो बहुतेक गळतीचा. त्याच वेळी हाही काढता येईल.